शनिवारचं शेवटचं उदाहरण

कोल्हापूरच्या आमच्या शाळेत मुलींना बीजगणित नव्हतं. मुलींना शिवण होतं, आणि गृहशास्त्र नावाचा एक विषय होता, ज्यात वरण कसं शिजतं ते पुस्तकात वाचून पेपरात लिहायचं. घरी रोज वरण शिजवणाऱ्या पोरींनी शाळेत येऊन वरणावर उत्तरं लिहायची, आणि शेजारच्या वर्गात त्यांच्या भावांनी घातांक शिकायचे. हा नियम कुणी केला, कधी केला, असं विचारलं की हेडमास्तर म्हणत, "रिवाज आहे." संस्थान विलीन झालं, राजाचा अंमल जाऊन लोकांचा आला, रिवाज मात्र जिथल्या तिथं. मी चळवळीची पत्रकं लिहून हात बसलेली. मला याला दुसरा शब्द सापडत नाही. ती लबाडी होती.

पण हे पत्रक नाही. हे आमच्या गणिताच्या मास्तरांबद्दल आहे, आणि त्यांना पत्रकात बसवता येत नाही, कारण ते कुठल्याच बाजूचे नव्हते. मुलींनी शिकावं की शिकू नये याबद्दल त्यांचं मत काय होतं, ते मला आजही ठाऊक नाही. मी त्यांच्या वर्गाच्या दारात जाऊन उभी राहिले तेव्हा त्यांनी मला कोण, कुणाची, कशाला आलीस, यातलं काही विचारलं नाही. फळ्याकडं तोंड ठेवूनच म्हणाले, "अपूर्णांकाला अपूर्णांकानं भागायचं. कसं?"

"दुसरा उलटा करायचा आणि गुणायचं."

"का?"

मला येईना.

"आत ये," ते म्हणाले. "ह्यांनाबी ठाऊक न्हाय." आणि खडूनं सगळ्या मुलांकडं बोट दाखवलं.

एवढ्यावर मी बीजगणितात गेले. हेडमास्तरांना कळलं तेव्हा ते संतापले, पण वर्गात बसलेली मुलगी उठवून बाहेर काढायचा त्यांना धीर झाला नाही. त्यांनी अट घातली. चाचणी परीक्षेत पास झाली तर राहील. नापास झाली, किंवा पेपराला बसली नाही, तर गृहशास्त्र. मुलांना ही अट नव्हती. मुलं नापास झाली तरी बीजगणितातच नापास होत.

मास्तर मूळचे सीमेकडचे. घरचं भुसारी दुकान, घरात कानडी, बाहेर मराठी. भाऊ दुकानात बसला आणि हे बीजगणितात पळून आले. कपाळावर विभूतीचे पट्टे, बंद गळ्याचा काळा कोट, आणि कोटाचे दोन्ही खिसे पिठाच्या गिरणीत बसून आल्यासारखे पांढरे, कारण खिशात खडूचे तुकडे. मुलांना ते "तम्मा" म्हणत, मला "तंगी". कानडीत धाकटा भाऊ, धाकटी बहीण. हेडमास्तरांनाही एकदा रागाच्या भरात "तम्मा" म्हणाले होते. हेडमास्तर वयानं त्यांच्यापेक्षा मोठे. पायरी चुकली की ओरडत, "इल्ला! इल्ला!" नाही, नाही. शाळेतलं शेंबडं पोरही घरी भाजी नको असली की "इल्ला!" म्हणायला लागलं होतं.

पायताण वर्गाबाहेर काढून शिकवायचे. फळ्यापुढं पायताण घालून उभं राहणं त्यांना जमत नसे. मुलांनी एकदा त्यांच्या वहाणा ड्रिल मास्तरांच्या वहाणांशी बदलल्या. दोन दिवस मास्तर ड्रिल मास्तरांच्या वहाणा घालून गावभर फिरले. ओळखल्या शेवटी ड्रिल मास्तरांनीच.

त्यांच्या तासाला फळा पुसायचं फडकंही वर्गाबाहेर. चुकलेली पायरी पुसायची नाही. ती तिथंच ठेवायची आणि शेजारी बरोबर लिहायची. चूक कुठून आली ते दिसायला पाहिजे म्हणत. तास संपेपर्यंत फळ्यावर बोटभर जागा उरत नसे. पुढचा तास इतिहासाचा. इतिहासाचे मास्तर आत येऊन कपाळाला हात लावत, "अहो, तुमच्या ह्या चुकांतून वाट काढत मी पानिपत कुठं लिहू?"

पण त्यांचा खरा वैरी म्हणजे काटाकाटी. आमच्याकडचा पोरगा, वर अंशात अ दिसला, खाली छेदात अ दिसला, की खडूनं दोन तिरप्या रेघा ओढून मोकळा. आणि मग समोरच्याला चीत केल्यासारखा वर्गाकडं बघणार. म्हणून मास्तरांनी कायदा केला. विचारल्याशिवाय काटायचं नाही.

"मास्तर, काटू?"

"मदी काय हाय?"

"गुणिले."

"काट."

पुढच्या पोराला वाटायचं, आपलंही तसंच.

"मास्तर, काटू?"

"मदी काय हाय?"

"अधिक."

"इल्ला! पंगतीला बसलेत ते. एकाला दंडाला धरून उठीवतोस व्हय? उठवायचं तर आक्खी पंगत उठीव!"

अपूर्णांक म्हणजे त्यांच्या लेखी दोन मजली घर. वरचा मजला, खालचा मजला, आणि मध्ये रेघ म्हणजे तक्तपोशी. वरच्या मजल्यावरच्या एखाद्या अक्षराच्या डोक्यावर उणे घातांक दिसला की मुलं घाबरत. मास्तर त्याची बाजू घेऊन बोलत. "त्यो माणूस वाईट न्हाय. चुकीच्या मजल्यावर ऱ्हातोय. खाली धाड त्याला, बघ कसा हसतोय." खाली गेला की उणे दोनाचा नुसता दोन व्हायचा, आणि हसायचे मात्र मास्तरच.

मी एकदा तक्रार केली होती. पुस्तकात लिहिलंय "सोपे रूप द्या", आणि उत्तर तर प्रश्नापेक्षा लांब आलंय. ते म्हणाले, "सोपं म्हंजे आखूड व्हय? ज्यात आता काय दडलेलं ऱ्हायलं न्हाय, ते सोपं."

पुढं कॉलेजात गेल्यावर मी पहिलं पत्रक लिहिलं आणि मोठ्या ऐटीत त्यांना वाचायला दिलं. मला वाटलं, पाठ थोपटतील. त्यांनी उभ्या उभ्या वाचलं, पेन्सिल काढली आणि म्हणाले, "समस्त बंधुभगिनींनो, समस्त बंधुभगिनींनो, समस्त बंधुभगिनींनो. तंगी, सामाईक हाय की हे. एकदा बाहेर काढ, बाकीचं कंसात घाल." मागणी काय आहे, कुणाविरुद्ध आहे, याबद्दल अक्षर नाही. सही मागितली तर पेन्सिल खिशात.

त्याचा मला राग यायचा. अजून येतो. शिक्षकांनी पगारासाठी मोर्चा काढला त्या दिवशी सगळी शाळा रस्त्यावर होती आणि हे वर्गात चार पोरांना घेऊन अवयव पाडत होते. मी तोंडावर विचारलं, "मास्तर, तुम्ही माणसांत राहता की नाही?" तर म्हणाले, "सगळी गेल्यात की. मी एक गेल्यानं मोर्चा मोठा होतोय व्हय?" अशा माणसाला काय म्हणायचं? मी पुष्कळ काही म्हणाले होते. ते ऐकून घेऊन त्यांनी मला बसायला सांगितलं आणि उरलेलं उदाहरण पुरं केलं.

तरीही त्यांच्याबद्दल लिहायला बसले की हात आपोआप मऊ होतो. त्याला कारण तो शनिवार.

चाचणीचा बीजगणिताचा पेपर सोमवारी होता. आणि रविवारी मुरगूडला मामांच्या घरी मला बघायला येणार होते. बिद्रीकडची माणसं, स्वतःचा ऊस, स्वतःचं गुऱ्हाळ, एकुलता एक मुलगा. मामांचा निरोप होता, पसंत पडली तर तिथल्या तिथं सुपारी फोडू, आणि मग आठवडाभर पोरीला इथंच राहू दे, नातेवाईक बघून जातील. आठवडाभर म्हणजे सोमवार गेला. सोमवार गेला की बीजगणित गेलं, आणि बीजगणित गेलं की पुढं कॉलेजचं नाव काढायला तोंड उरत नव्हतं. माझे आबा कचेरीत कारकून. साहेबापुढं आणि मामांपुढं त्यांचा आवाज सारखाच बारीक व्हायचा. मी रडले, भांडले, जेवले नाही. आबा म्हणाले, "बघू." आमच्या घरात "बघू" म्हणजे होणार.

शनिवारी सकाळची शाळा. मास्तर शेवटचं उदाहरण घालत होते. कंसात अ आणि ब, मध्ये अधिक, दोघांच्याही डोक्यावर घातांक उणे एक, आणि कंसाच्या डोक्यावर पुन्हा उणे एक. तेवढ्यात हेडमास्तर दाराशी आले आणि सगळ्या वर्गाला ऐकू जाईल असं बोलले, "ही मुलगी दुपारच्या मोटारीनं मुरगूडला चाललीय. लग्न ठरतंय. सोमवारी बसणार नाही. आत्ताच नाव कमी करून टाकू."

"सोमवार अजून यायचा हाय," मास्तर म्हणाले.

"कशाला उगाच ओढताय?"

"सोमवार यिऊ द्या म्हणतोय न्हवं!"

हेडमास्तर गेले. मास्तर लाल होऊन फळ्याकडं वळले, कंसातल्या दोघांचे उणे आणि बाहेरचा उणे एका फटक्यात उडवले आणि उत्तर लिहिलं, अ अधिक ब. घंटा झाली. आम्ही उतरून घेतलं. कुणाला शंका आली नाही. मास्तर चुकतात ही कल्पनाच कुणाच्या डोक्यात नव्हती.

पुढचं मला नंतर मुलांकडून कळलं. संध्याकाळी मास्तर जेवायला बसले. ताटात अर्धी भाकरी होती, बायकोनं आणखी अर्धी वाढली. ते भाकरीकडं बघत राहिले आणि तसेच ताटावरून उठले. मंगळवार पेठेतून शुक्रवार पेठेत, तिथून शाहूपुरीत, वर्गातल्या एकेका पोराचं दार वाजवत हिंडले. "तम्मा, शनिवारचं शेवटचं उदाहरण. चुकलंय. माझं चुकलंय. पेन्सिल घे." एक पोरगा तालमीत होता. मास्तर पायताण काढून तिथं शिरले आणि कुस्तीच्या हौद्यातल्या तांबड्या मातीत बोटानं छेद सारखे करायला लागले. वस्ताद ओरडला, "ओ पावणं! माती खेळायला घरात जागा न्हाय व्हय?" मास्तर म्हणाले, "दोनच पायऱ्या ऱ्हायल्यात." आणि त्या लिहूनच उठले.

सगळी पोरं झाली. राहिले मी.

रविवारी दुपारी मामांच्या घराच्या पुढच्या सोप्यात जमखाना अंथरला होता. मुलाचे वडील फेटा बांधून लोडाला टेकलेले, शेजारी मुलाचा चुलता, पलीकडं मुलगा, मान खाली. मी आत नऊवारीत. बोलावलं की जायचं, विचारलं की सांगायचं, चाल म्हटलं की चालायचं. बाजारात बैलाचे दात बघतात, बैलाला निदान भाकरी येते का असं विचारत नाहीत. मी दाराआडून बाहेर बघत होते, आणि अंगणात एक गुळाची लॉरी थांबून पुढं गेली. धुळीतून मास्तर निघाले. कागलपर्यंत मोटारीनं, पुढं लॉरीत, गुळाच्या ढेपांवर बसून. कोटाला गूळ, आणि गुळाबरोबर दोन माशा.

त्यांनी पायताण काढलं आणि सोप्यात आले. मामांना वाटलं, मुलाकडचं कुणी वडीलधारं मागून आलं. "या पावणं, बसा," म्हणून त्यांनी जागा दिली. मुलाकडच्यांना वाटलं, मुलीकडचं कुणी. आबांनी ओळखलं, पण मास्तर इथं का, हे त्यांना समजेना. पोह्यांची ताटली पुढं आली. मास्तर सकाळपासून उपाशी. त्यांनी ती मन लावून संपवली.

मुलाचा चुलता त्यांच्याकडं सरकला. "पोरगी तुमच्या बघण्यातली दिसतीया. कशी हाय?"

"बरी हाय," मास्तर म्हणाले. "चिन्हात चुकतीया."

"कशात?"

"उणे असलं की अधिक लिहिती. घाई लई. पण पायरी गाळत न्हाय. लाख पोरांत एकाला हे जमतंय."

चुलत्यानं मान डोलवली आणि भावाच्या कानाशी लागून सांगितलं, "पायरी सोडून वागत न्हाय म्हणत्यात. चांगलं हाय."

एवढ्यात मी चहा घेऊन बाहेर आले. मास्तर ताडकन उठले.

"तंगी, शनिवारचं शेवटचं उदाहरण. चुकलंय ते."

फेटेवाले म्हणाले, "ह्ये कोण?"

"तिचं मास्तर," आबा कसेबसे बोलले.

"काय चुकलंय?"

मास्तरांना एवढंच पाहिजे होतं. ते फेटेवाल्यांपुढं बसले. "पावणं, अर्धी भाकरी आणि अर्धी भाकरी. किती?"

"एक."

"एकाला उलटा केला, एक भागिले एक. किती?"

"एकच की."

"मी आक्ख्या वर्गाला चार सांगून आलोय! अ बी दोन धर, ब बी दोन धर. माझं उत्तर अ अधिक ब, म्हंजे चार!"

फेटेवाले मोठ्यांदा हसले. "मास्तर, मग गावजेवण घाला की! अर्ध्या भाकरीत गाव उठंल!"

"हसू नका. कोल्हापुरातली पोरं हेच पाठ करून बसली हुती."

खिशातला खडू गुळात चिकटून बसला होता. मामीनं रांगोळीची वाटी आणून दिली. मास्तरांनी ती माझ्याकडं सरकवली. मी पदर खोचून सारवलेल्या जमिनीवर बसले. अ ला खालच्या मजल्यावर पाठवला, ब ला खालच्या मजल्यावर पाठवला, छेद सारखे केले. वर अ अधिक ब, खाली अ गुणिले ब. इथं वरचा अ आणि खालचा अ माझ्याकडं बघायला लागले. चिमटीत रांगोळी होती, दोन तिरप्या रेघांचंच काम. आई दारात, मामा खांबाशी, आबा जमखान्याच्या कडेला, सगळे बघत होते. माझा हात थांबला. वर पंगत होती. मी काटलं नाही. सगळंच्या सगळं उलटं केलं. वर अ गुणिले ब, खाली अ अधिक ब.

"आता दोन-दोन घाल," मास्तर म्हणाले.

घातले. वर चार, खाली चार. एक.

"हां," मास्तर म्हणाले, आणि पहिल्यांदा भिंतीला टेकले.

तेवढ्यात मुलगा, ज्यानं आल्यापासून तोंड उघडलं नव्हतं, मान वाकडी करून रांगोळी वाचत बोलला, "पण ह्यो वरचा खाली कसा गेला?" मास्तर उजळलेच. त्यांनी त्याला दोन्ही मजले दाखवले, जिना दाखवला, आणि तो "आरं तिच्यायला" म्हणाला तेव्हा त्याच्या पाठीवर थाप मारली. माणूस वाईट नव्हता तो. ते मी तेव्हाही कबूल केलं असतं.

मास्तर एवढ्यासाठीच आले, हे फेटेवाल्यांना मात्र पटलं नाही. "मास्तर, सरळ बोला. तुमी पोरगी परत न्यायला आलाय न्हवं?"

"इल्ला," मास्तर म्हणाले. "मी पोरगी न्यायला न्हाय आलो. चूक न्यायला आलोय. माझी हाय ती." आणि उठून मामांना विचारलं, "कोल्हापूरची मोटार कवा हाय?"

"आता सकाळीच."

"मग सुपारीचं काय करायचं?" चुलत्यानं विचारलं. "उरकून घेऊ या की."

मामा आत जायला वळले. आई ताट घ्यायला वळली. आणि आबा बोलले. बारीक आवाजातच बोलले, पण बोलले. "सुपारी ऱ्हाऊ द्या."

"का?" मामा म्हणाले.

"उद्या पेपर हाय तिचा."

"पेपर काय, पुढच्या वर्षी दील की!"

"मेव्हणं," आबा म्हणाले, "मी इतकी वर्षं कचेरीत काढली. चुकीचा हुकूम गेला तर खुलासा मागवत्यात. कोण परत घ्यायला येत न्हाय. हा माणूस एका उदाहरणासाठी लॉरीत बसून आलाय. मी पेपर बुडीवला तर ह्याच्याकडं बघू कसा?"

फेटेवाले उठले. "बरं हाय. परीक्षा हुंद्या, मग बघू." ते पुन्हा आले नाहीत.

आईला मामांकडं ठेवून सकाळच्या मोटारीनं मी, आबा आणि मास्तर परतलो. मी पेपराला बसले, पास झाले, आणि हेडमास्तरांनी तोंड वाकडं करून का होईना, माझं नाव बीजगणितात राहू दिलं. पुढच्या वर्षी आणखी तीन मुली आल्या. त्यांच्यासाठीही तीच अट होती, आणि ती अट त्या शाळेत आजही आहे, आणि मी ती मोडून काढल्याशिवाय राहणार नाही, हे इथं लिहून ठेवते.

पण सांगायचं राहिलं ते वेगळंच. पेपर झाला आणि आम्ही सगळे फाटकाशी जमलो तेव्हा मुलं खवळली होती. ते उदाहरण पेपरात आलंच नव्हतं. ते नाही, तसलंही नाही. पेपर काढला होता दुसऱ्याच मास्तरांनी. मास्तर अजून तोच गूळ लागलेला कोट घालून फाटकातून येत होते. मी पुढं झाले. मला खरोखरच त्यांची दया आली होती.

"मास्तर, आलंच नाही हो ते. तुम्ही एवढं मुरगूडपर्यंत आलात, आणि पेपरात आलंच नाही."

त्यांनी माझ्याकडं असं बघितलं, जणू मी पहिलीतली पोर.

"आलं न्हाय तर न्हाय," ते म्हणाले. "परीक्षेसाठी कोण गेलतं?"